गॅरुलस तांडेल सर

आमच्या शिक्षकखोलीत खिडकीजवळची एक खुर्ची कायम कुणाच्या तरी पर्सने, छत्रीने किंवा वह्यांच्या गठ्ठ्याने अडवलेली असायची. मी नव्याने रुजू झाले तेव्हा मला वाटलं, चुकून राहिलं असेल. मी पर्स उचलून बाजूला ठेवली, आणि माझा अख्खा मोकळा तास तांडेल सरांचा झाला. ते खडू मागायला आले होते. खडूवरून चुन्यावर गेले, चुन्यावरून शिंपल्यांवर, शिंपल्यांवरून त्यांच्या गावच्या खाडीवर, आणि घंटा झाली तेव्हा बोटीच्या डिझेलपाशी पोचले होते. खडू न घेताच वर्गावर गेले. गणिताच्या सरांनी पर्स उचलून परत त्या खुर्चीवर ठेवली.

"राऊत बाई," ते म्हणाले, "ही इथेच राहू द्या."

तांडेल सर इंग्रजी शिकवायचे. तारापूरच्या बाजूला किनाऱ्यावरच्या एका गावात त्यांचं घर. तांडेल म्हणजे बोटीवरचा मुख्य माणूस; वडील, आजोबा सगळे तेच करत आलेले. घरात पदवी घेतलेले हे पहिले. अंगाने काटक, रंगाने उन्हात रापलेले, आणि आवाज असा, की शेजारच्या वर्गातल्या मुलांचाही इंग्रजीचा अभ्यास आपोआप होऊन जायचा. बोलताना समोरच्याच्या पिशवीचा एक बंद धरून ठेवायची सवय. बंद त्यांच्या हातात आहे तोवर निघता यायचं नाही. आमच्या शिपाईमामांनी यावर उपाय काढला होता. सर कुणाला व्हरांड्यात गाठून उभे दिसले, की ते लांबूनच हाक मारायचे, "बाई, तुमाला हापिसात बोलावलंय." ऑफिसात कुणीही बोलावलेलं नसायचं.

एकदा त्यांच्या घरी गेले होते, तेव्हा शालिनीवहिनींना विचारलं, "तुम्ही कसं निभावता हो?"

वहिनी हसल्या. म्हणाल्या, "लग्न झाल्यावर पयली दोन वर्सं मला वाटलं, माझं बोलनं आता राहूनच जानार. मग कळलं, काट्याचा मासा खाताना ते बोलत नाय. तेवापासून काय महत्त्वाचं सांगायचं असल त्या दिवशी मी काट्याचाच मासा आनते."

सर पानावरून मान वर न करता नुसते हसले. तोंडात घास होता.

मुलांना मात्र त्यांचा कंटाळा येत नसे. पाठ्यपुस्तकातला धडा ते कधी वेळेत संपवत नसत, पण एखादा शब्द असा काही उलगडून दाखवत, की मुलं तो घरी जाऊन आईबापांना सांगत. "शब्दाला माहेर असतं," असं त्यांचं म्हणणं. "माहेर कळलं की तो सासरी असा का वागतो, ते कळतं."

आमच्या बोईसरला सगळीकडे कारखाने, त्यामुळे मुलांच्या तोंडी एक शब्द कायम असतो, कंपनी. पप्पा कंपनीत गेलेत, काका कंपनीत लागले. सरांनी एकदा नववीच्या वर्गात त्या शब्दाचं माहेर सांगितलं. लॅटिनमध्ये 'कॉम' म्हणजे सोबत, 'पानिस' म्हणजे भाकरी. एका भाकरीतले वाटेकरी ते सोबती, आणि अशा सोबत्यांचा मेळ म्हणजे कंपनी.

मागच्या बाकावरून सुनील धोडी उभा राहिला. आतल्या डोंगराकडच्या गावातला मुलगा, शिकायला म्हणून जवळच्या कुंभवलीत मामाकडे राहायचा. वर्गात सहसा तोंड न उघडणारा.

"सर, माझा मामा कंपनीत हाय," तो म्हणाला. "पन ठेकेदाराच्या मान्सांना जेवायला येगळं बसवतात. मंग ती कंपनी कशी?"

वर्ग हसला नाही. सरांनी फळ्यावरच्या आपल्याच अक्षराकडे बघितलं. मग म्हणाले, "तो शब्द माहेर विसरलाय, सुनील. तू विसरू नको."

हे मला त्यांनीच सांगितलं, आणि सांगताना पिशवीचा बंद धरला नव्हता.

मग आमच्याकडे नवे मुख्याध्यापक आले. बाहेरगावचे, नेमके, घड्याळाकडे बघून काम करणारे. पहिल्याच सभेत सरांनी परीक्षेच्या वेळापत्रकावरून बोलायला सुरुवात केली आणि शाळेच्या विहिरीपर्यंत आले. मुख्याध्यापकांनी पेन टेबलावर ठेवलं आणि शांतपणे म्हणाले, "मिस्टर तांडेल, यू आर गॅरुलस."

आमच्यापैकी बहुतेकांना त्या शब्दाचा अर्थ ठाऊक नव्हता, पण तो कुठे लागला असणार ते सगळ्यांना कळलं. सर खाली बसले. म्हणाले, "थँक्यू सर. शब्द अगदी बरोबर वापरलात."

मला वाटलं, माणूस दुखावला. दुसऱ्या दिवशी त्यांच्या वर्गावरून जाताना फळ्यावर मोठ्या अक्षरात तो शब्द दिसला. दाराशी थांबले.

"गॅरुलस," सर सांगत होते. "लॅटिनमध्ये 'गॅरिरे' म्हणजे बडबडणं, किलबिलणं. संध्याकाळी स्टेशनजवळच्या झाडावर साळुंक्या येऊन बसतात ना, तो कलकलाट. आता नीट बघा. ज्याला नको तेवढं आणि बिनकामाचं बोलायची खोड, तो गॅरुलस. नुसतंच भरपूर बोलतो तो लोक्वेशस, त्याचं माहेर 'लोक्वी', म्हणजे बोलणं. त्याच घरातली थोरली मुलगी इलोक्वंट. छान बोलते म्हणून तिला सभेत बोलावतात. धाकटी लोक्वेशस, तिला सगळे टाळतात. आणि डॉक्टर लोकांचा एक शब्द आहे, लॉगोरिया. ग्रीकमध्ये 'लोगोस' म्हणजे शब्द, 'रिया' म्हणजे वाहणं. हाच 'रिया' डायरियात पण आहे. म्हणजे काय, ते घरी जाऊन सांगू नका."

वर्गात हशा फुटला. एका मुलीने हात वर केला, "सर, गॅरुलसचं वाक्य?"

"तुमच्या समोर उभं आहे," सर म्हणाले.

मधल्या सुट्टीत ते माझ्याकडे आले. खुर्चीवरची छत्री मीच उचलली. "राऊत बाई, मराठीत काय हो याला?"

मी म्हटलं, "बडबड्या, बोलघेवडा, तोंडाळ. आणि वाचाळ."

"वाचाळ. पण वाचा तर चांगली. वाचा फुटली म्हणतो आपण. मग वाचाळ वाईट कसा?"

मी कॉलेजात संस्कृत शिकले होते, ते उपयोगी पडलं. सांगितलं, की वाक् म्हणजे वाणी, आणि तिच्यापासून दोन शब्द होतात. जो नेमकं आणि सुंदर बोलतो तो वाग्मी. जो पुष्कळ आणि भलतंसलतं बोलतो तो वाचाल, आपला वाचाळ.

त्यांचा चेहरा असा उजळला, की मला मुख्याध्यापकांचे आभार मानावेसे वाटले. "म्हणजे तिकडे पण थोरली नि धाकटी! आई एकच!" मग म्हणाले, "बाई, पण हे ठरवतं कोण? बोलणारा की ऐकणारा?"

घंटा झाली म्हणून तो प्रश्न तसाच राहिला.

काही वर्षं गेली. सरांच्या नोकरीचं शेवटचं वर्ष चालू होतं. एका दुपारी वर्ग भरलेले असताना मोठा आवाज झाला आणि खिडक्यांची तावदानं थरथरली. बोईसरमध्ये राहणाऱ्यांना तो आवाज काय असतो, ते विचारावं लागत नाही. आपले वडील कुठल्या पाळीला आहेत, ते प्रत्येक मूल मनात बघत होतं. औद्योगिक वसाहतीच्या बाजूला धुराचा लोळ उठला होता.

आमच्या शाळेतल्या मुलांच्या घरची माणसं त्या दिवशी वाचली. पण संध्याकाळी बातमी आली, की कंपनीतल्या स्फोटात भिंत कोसळली तिच्याखाली सुनील धोडी सापडलाय. दहावीनंतर त्याचं शिक्षण सुटलं होतं आणि तो मामासारखाच ठेकेदाराकडे लागला होता. भाजला फारसा नव्हता, पण डोक्याला मार बसला होता. बोईसरच्याच एका दवाखान्यात बेशुद्ध पडून होता. मामा आदल्या वर्षीच वारला होता. गावाकडून आई आली, एकटी.

डॉक्टर तिला म्हणाले, "त्याच्याशी बोलत राहा. ऐकू जात असेलही. ओळखीचा आवाज कानावर पडू दे."

ती बाई पलंगाशी उभी राहिली, मुलाच्या पायावर हात ठेवला, आणि तिला एक शब्द सुचेना. आयुष्य शेताच्या तुकड्यात गेलेलं, माणसांत बसून बोलायची सवय नाही. त्यात ती यंत्रं, त्या नळ्या. तांडेल सर भेटायला आले तेव्हा ती त्यांना म्हणाली, "गुरजी, काय बोलू? मना बोलनंच येत नाय."

"मला तेवढंच येतं," सर म्हणाले, आणि स्टूल ओढून बसले.

त्या दिवसापासून शाळा सुटली की ते तिथे. मी एका संध्याकाळी गेले तर दाराबाहेरूनच आवाज ऐकू आला. नववीच्या वर्गाची हजेरी घेत होते, आठवून आठवून. प्रत्येक नावाबरोबर तो मुलगा आता कुठे आहे, काय करतो, कुणाचं लग्न झालं, कोण वापीला गेला. सुनीलचं नाव आलं की थांबत, त्याच्याकडे बघत, आणि पुढे जात. नर्स मला म्हणाली, "सगळ्या वॉर्डाला आता तुमच्या शाळेची हजेरी पाठ झाली."

पण मी बघितलं ते वेगळंच. बोलता बोलता सर आईला विचारत, "आवंदा भात कसा झाला?" ती म्हणे, "बरा झाला." मग ते म्हणत, "मला नका सांगू, त्याला सांगा." आणि स्वतः गप्प बसत. ती आधी दोन शब्द बोलायची. मग चार. थोड्या दिवसांनी मी गेले तेव्हा ती मुलाच्या कानाशी वाकून सांगत होती, की शेळी व्यायली, दोन पिल्लं झाली, एक काळं हाय, भावकीतल्या कुणीतरी बांध कोरलाय, तू बरा झालास का त्याला इचार. सर स्टुलावर हात बांधून बसले होते. तांडेल सरांना मी इतका वेळ गप्प बसलेलं कधीच पाहिलं नव्हतं.

ठेकेदाराचा माणूस आला तेव्हाही मी तिथे होते. हातात टाइप केलेला कागद आणि शाईचं पॅड. "अम्मा, बस यहाँ अंगूठा लगा दो," तो म्हणाला. "पैसा मिल जाएगा, झंझट खतम."

आईने घाबरून अंगठा पुढे केला. सरांनी तिचा हात हलकेच बाजूला घेतला आणि कागद मागितला.

"इंग्रजीत आहे. बसा साहेब. मी यांना समजावून सांगतो." त्याला त्यांनी स्वतःच्या स्टुलावर बसवलं आणि त्याच्या बॅगेचा बंद धरला. "हा पहिला शब्द, वॉलंटरी. लॅटिनमध्ये 'व्होलो', म्हणजे माझी इच्छा आहे. आता मावशी, इथे लिहिलंय, की तुमची अशी इच्छा आहे, की या मंडळींवर यापुढे कसलाही दावा करायचा नाही. तुमची आहे का अशी इच्छा? थांबा, उत्तर घाई करून देऊ नका. आधी इच्छा म्हणजे काय ते बघू."

तो कागद एका पानाचा होता. सरांनी त्यातला एकेक शब्द घेतला. कुठून आला, कुठे कसा वापरतात, कोर्टात त्याचा अर्थ काय होतो, त्यांच्या गावात बोटीच्या व्यवहारात कुणी कसा फसला. बाजूच्या पलंगांवरचे नातेवाईक जवळ आले. कुणीतरी मोबाइल काढून बोलणं टिपायला लागलं. तो माणूस घड्याळाकडे बघायचा, उठायचा प्रयत्न करायचा, आणि बॅगेचा बंद सरांच्या मुठीत. शेवटी तो वैतागून म्हणाला, "मास्टरजी, आप बहुत बोलते हो."

"हो," सर म्हणाले. "माझ्या साहेबांनी भर सभेत सांगितलंय."

तो गेला, आणि कागद सरांच्या हातातच राहिला. पुढे कामगारांचं काम बघणाऱ्या एका वकीलबाईंकडे सर आईला घेऊन गेले, आणि औषधपाण्याचा सगळा खर्च ज्यांनी करायला हवा होता त्यांनाच करावा लागला.

ठेकेदाराचा माणूस येऊन गेला त्या संध्याकाळी आम्ही दोघं दवाखान्याच्या पायरीवर चहा घेत बसलो होतो. मी विचारलं, "सर, दमत नाही का हो?"

त्यांनी कप खाली ठेवला. आणि त्यांच्या तोंडी शाळेतली मराठी राहिली नाही, घरची आली.

"लहान होतो. बाबाबरोबर बोटीवर गेलो होतो, थंडीचं दिवस. सकाळी येताना असं धुकं पडलं का माझा हात मना दिसं नाय. बाबा सुकानूवर, मी पार पुढं. बाबा वरडला, पोरा, बोलत ऱ्हा. मी इचारलं, काय बोलू? तो म्हनला, कायपन बोल. गप बसलास तर मना वाटल तू पडलास." सरांनी रस्त्याकडे बघितलं. "मी पाढं म्हनलं, कविता म्हनल्या, शेजाऱ्यांची नावं घेतली. किनारा दिसेपर्यंत. बाबा मधी मधी नुसता 'हां' म्हनायचा. तेवढ्या 'हां'वर मी बोलत होतो बाई."

मग उठून आत गेले. आत पलंगावरून 'हां' म्हणणारं अजून कुणी नव्हतं.

सुनीलने डोळे उघडले ते आई बोलत असताना. काय बोलत होती, ते तिला नंतर आठवेना. सर त्या वेळी वर्गावर होते. शिपाईमामा निरोप घेऊन धावत गेले, आणि सर खडू हातात तसाच घेऊन शाळेबाहेर पडले. मुख्याध्यापक दारात उभे होते. त्यांनी काही विचारलं नाही. ते सरांच्या वर्गात गेले आणि उरलेला तास त्यांनी घेतला.

पण सुनील जागा झाला, तरी त्याचं बोलणं आलं नाही. समोरच्याचं सगळं कळायचं, डोळ्यांत उत्तर दिसायचं, आणि तोंडातून शब्द निघायचा नाही. निघाला तर भलताच. पाणी हवं असलं तर 'सायकल' म्हणायचा आणि आपण चुकलो हे कळून रडायचा. डॉक्टर म्हणाले, मेंदूतली बोलण्याची जागा दुखावलीये, हळूहळू येईल. मात्र एक पथ्य सांगितलं. त्याचा शब्द कुणी पुरा करायचा नाही. कितीही वेळ लागू दे, त्याचा त्याला सापडू द्यायचा.

असं पथ्य तांडेल सरांना!

आई मुलाला घेऊन जवळच सालवडला एका नातेवाइकाच्या खोलीत राहिली. सर निवृत्त झाले होते, रोज संध्याकाळी तिथे जायचे. मी अधूनमधून जाई. सर त्याला पेला दाखवत आणि वाट बघत. सुनीलच्या कपाळावर शिरा उठत. "प… प…" सरांचे ओठ त्याच्याबरोबर हलत, शब्द अगदी दातांपर्यंत आलेला दिसे, आणि ते आपल्या तोंडावर तळहात दाबून धरत. तसा हात दाबूनच बसलेले असत, डोळे त्याच्या ओठांवर. बाहेर पोरं खेळायची, कुणाच्या तरी घरचा टीव्ही चालू असायचा. आत नुसती वाट बघणं. मग कधीतरी "पाणी" यायचं, आणि सर हात काढून दीर्घ श्वास घ्यायचे, जणू तेच पाण्याखाली होते.

त्या खोलीतून निघाल्यावर मात्र रस्ताभर माझ्याशी बोलत. माझ्या पिशवीचा बंद हातात असायचा आणि मी तो सोडवून घेत नसे.

वर्ष होऊन गेलं. सुनीलला तुटक का होईना, बोलता यायला लागलं. पाय धरला होता, पण काठीने चालायचा. आईला शेताची ओढ लागली. निघायचं ठरलं.

तांडेल सरांना मी शेवटचं पाहिलं ते त्या दिवशी, बोईसरच्या एसटी स्टँडवर. त्यांना आतून कसलं दुखणं पोखरतंय ते तेव्हा आम्हाला कुणाला माहीत नव्हतं. बहुतेक त्यांनाही नसावं. पावसाळा संपायच्या आत ते गेले.

गाडी लागली होती. सुनीलला खिडकीशी बसवलं, आईने बोचकं पायाशी घेतलं. सर खाली उभे, मी त्यांच्या बाजूला. आई हात जोडून म्हणाली, "गुरजी, येतो." सर म्हणाले, "या. भाताची लावणी झाली की कळवा." मग सुनील खिडकीतून वाकला. त्याला काहीतरी सांगायचं होतं.

"सर…" तो म्हणाला. "तु… तु…"

कंडक्टरने घंटी मारली. इंजिन सुरू झालं.

सर पुढे झाले आणि त्यांनी हात वर केला. "थांबा!" त्या एका शब्दाला सगळा स्टँड वळून बघायला लागला. "थांबा जरा. त्याचं वाक्य व्हायचंय."

कंडक्टर दारातून डोकावला. कुरकुरणार होता; पण खिडकीतल्या पोराचा चेहरा बघून घंटीच्या दोरीवरचा हात त्याने खाली घेतला. ड्रायव्हरने इंजिन बंद केलं. आतली माणसं बोलायची थांबली. कोपऱ्यात एक मूल रडत होतं, त्यालाही कुणीतरी गप्प केलं.

"तुमी…" सुनील म्हणाला. घाम आला होता त्याला. "तुमी… आम… आमच्या…"

सरांचा हात तोंडाकडे गेला नाही. दोन्ही हात खाली होते, ओठ मिटलेले. वर बघत ते नुसते उभे होते.

"…घरी… जे… जेवाला… या."

गाडीत कुणीतरी हुश्श केलं. सर हळूच म्हणाले, "हां."

घंटी झाली. गाडी वळण घेऊन रस्त्याला लागली, धूळ खाली बसली. मी वाट बघत होते, आता सर सुरू होतील. त्यांनी माझ्याकडे बघितलं. डोळे भरले होते.

"ऐकलंत ना, बाई?" ते म्हणाले. "अख्खं वाक्य."

आणि स्टँडबाहेर येईपर्यंत पुढे काहीच बोलले नाहीत.